विंचवाचं बिऱ्हाड : १४ हंगाम, १३ संघ आणि इश स्मिथ

वैदर्भी_मी

नमस्कार मंडळी. मुलगा चौदा वर्षांचा आहे, इथे नागपुरात बास्केटबॉल खेळतो. यंदा जिल्ह्याच्या संघात निवड झाली. बारा जणांत बारावा. चार सामने झाले, त्याला मिळाली एकूण सहा मिनिटं. परत आल्यापासून बूट पलंगाखाली ढकलून दिलेत.

मी त्याला इश स्मिथची गोष्ट सांगितली. एनबीएत, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये, सर्वात जास्त संघांकडून खेळलेला माणूस. २०१० साली ६० जणांच्या ड्राफ्टमध्ये (संघ पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात तो) कुणी त्याचं नावच घेतलं नाही, तरी तो २०२४पर्यंत लीगमध्ये टिकला. ह्यूस्टन, मेम्फिस, गोल्डन स्टेट, ऑर्लँडो, मिलवॉकी, फीनिक्स, ओक्लाहोमा सिटी, फिलाडेल्फिया, न्यू ऑर्लिन्स, डेट्रॉइट, वॉशिंग्टन, शार्लट, डेन्व्हर. तेरावा संघ डेन्व्हर, आणि तिथे २०२३ साली तो विजेत्या संघात होता.

पोरगं म्हणालं, "म्हणजे आई, तेरा जणांनी त्याला काढून टाकलं."

मला उत्तर देता आलं नाही. इथे खेळातली जाणकार मंडळी आहेत. तुम्ही काय सांगितलं असतं?

---

पिंपळपान

काढून टाकलं हे खरंच. पण चौदाव्या हंगामातही कुणीतरी बोलावलंच ना? एवढं सांगा त्याला.

---

आकडेमोड

मुलगा चुकीचं बोललेला नाही. त्याला गोड गोष्ट सांगून समजूत काढू नका, असं माझं स्पष्ट मत आहे.

इश स्मिथ सहा फुटांचा पॉइंट गार्ड, म्हणजे चेंडू पुढे नेऊन खेळी रचणारा. पाय विलक्षण वेगवान, पण लांबून नेम बेताचा. तो लीगमध्ये आला आणि पुढच्या काही वर्षांत सगळी लीगच तीन गुणांच्या फटक्यावर जगायला लागली. अशा वेळी बाहेरून मारू न शकणाऱ्या गार्डला समोरचा बचावपटू सरळ मोकळा सोडतो आणि मधल्या गर्दीत जाऊन उभा राहतो. म्हणून कुठल्याही संघाने त्याच्याभोवती बांधणी केली नाही. त्याच्यावर अन्याय झाला नाही, खेळातलं कारण होतं. मुलाला बेंचवर बसवलं असेल तर त्यालाही काहीतरी कारण असेल. ते शोधा.

---

मिशिगनकर

आकडेमोड, नेमाबद्दल सहमत. पण मी या माणसाला प्रत्यक्ष खेळताना पाहिलंय, म्हणून थोडं लांबण लावतो.

२०१६ साली डेट्रॉइटने त्याला तीन वर्षांचा १ कोटी ८० लाख डॉलरचा करार दिला. तोवरच्या सहा हंगामांत त्याने एकाही गावात सलग दोन हंगाम पूर्ण केले नव्हते. आला तो रेगी जॅक्सनचा बदली खेळाडू म्हणून. जॅक्सनचा गुडघा दुखत होता, त्यामुळे हंगामाच्या पहिल्याच दिवसापासून हा मैदानात. २०१७च्या डिसेंबरअखेर जॅक्सनचा घोटा गेला, पुन्हा हाच. महिन्याभराने लॉस एंजेलिसहून ब्लेक ग्रिफिन आला, आणि त्या नव्या माणसाला संघात रुळवायचं कामही याच्याच हाती आलं.

आम्ही त्या वर्षी डाउनटाउनमधल्या नव्या अरीनात सामन्यांना जायचो. बाहेर हाडं गोठवणारी थंडी, आत निम्म्या खुर्च्या रिकाम्या. समोरच्या संघाची बास्केट झाली, की चेंडू जाळीतून खाली पडेपर्यंत इश स्मिथ हात पुढे करून उभा. चेंडू मिळाला की तीनेक सेकंदांत पलीकडच्या बास्केटखाली. लोक नाचोच्या डब्यातून मान वर करायचे तोवर दोन गुण झालेले असायचे. माझी मुलगी तेव्हा आठ वर्षांची. ग्रिफिनला सगळे ओळखत होते, पण ती विचारायची, "बाबा, तो पळणारा कधी येणार?"

वैदर्भी ताई, मी तुमच्या मुलाला एवढंच सांगेन : त्याच्या नावामागे तेरा संघ लागलेत, पण त्या तेरांतला एक आमचा होता. आम्हाला तो काढून टाकलेला माणूस कधी वाटला नाही.

---

उदंड_उशीर

वाचतेय. बास्केटबॉलमधलं काही कळत नाही, पण 'तो पळणारा' डोळ्यांसमोर आला.

---

जमाखर्च

मी व्यवसायाने सीए, एनबीएचे करार वाचायचा नाद आहे. मुलाला ही बाजूही सांगा.

'काढून टाकणं' हा एक प्रकार झाला. त्याला वेव्ह करणं म्हणतात. मग ४८ तास इतर संघांना त्याच कराराने त्याला उचलता येतं. पण इश स्मिथच्या बाबतीत अनेकदा झाली ती अदलाबदल. तिथे मोठ्या पगाराचा खेळाडू घ्यायचा, तर बहुतेक वेळा तेवढ्याच्या आसपासचा पगार समोर पाठवावा लागतो. आकडा जुळेना की एखादा छोट्या करारावरचा माणूस सोबत बांधतात.

त्याच्या अदलाबदली ओळीने लावून बघा. २०११ : ह्यूस्टनहून मेम्फिसला, बातमी शेन बॅटिएची. २०१३ : ऑर्लँडोहून मिलवॉकीला, बातमी जेजे रेडिकची. २०२२च्या फेब्रुवारीत शार्लटहून वॉशिंग्टनला, बातमी मॉन्ट्रेझ्ल हॅरलची. त्याच वर्षी जुलैत वॉशिंग्टनहून डेन्व्हरला, बातमी केंटेवियस कॉल्डवेल-पोपची. चारही वेळा मथळा दुसऱ्याचा आणि हा ओळीच्या शेवटी. आपल्याकडे याला शब्द आहे : पासंग.

यात खेळाडूला कुणी विचारत नाही. काही मोजक्या बड्यांच्या करारात नकाराचा हक्क असतो. बाकीच्यांनी फोन आला की बॅग भरायची. करही ज्या ज्या राज्यात सामना खेळला त्यांतल्या बहुतेक ठिकाणी भरायचा. अशा खेळाडूचं विवरणपत्र भरणाऱ्या माझ्या तिकडच्या व्यवसायबंधूंना साष्टांग नमस्कार.

---

मिशिगनकर

यादीत एक भर, आणि ही सर्वात बोलकी. २०१५च्या वसंतात तो फिलाडेल्फियात होता. उन्हाळ्यात करार संपला, त्यांनी जाऊ दिलं. वॉशिंग्टनने घेतलं आणि हंगामाआधीच सोडलं, मग न्यू ऑर्लिन्स. इकडे फिलाडेल्फियाचे ३१ सामने झाले, त्यातला जिंकला एक. ३० हरलेल्या त्या संघाने नाताळच्या आदल्या दिवशी ड्राफ्टच्या दुसऱ्या फेरीचे दोन निवडहक्क मोजून इश स्मिथला परत आणलं. सहा महिन्यांपूर्वी हातचा फुकट सोडलेला माणूस! तो आल्यावरचा पहिलाच सामना फीनिक्समध्ये, आणि तो जिंकला. त्या हंगामात फिलाडेल्फियाकडून त्याची सरासरी १४.७ गुण आणि ७ असिस्ट (ज्यावर सोबत्याने बास्केट केली असे पास). संघ शेवटी १० जिंकून ७२ हरला, त्यातले नऊ विजय हा आल्यानंतरचे.

---

किराणाभुसार

जमाखर्च साहेब, 'पासंग' शब्दावर थोडं बोलतो. आमचं तीन पिढ्यांचं दुकान आहे, आजोबांचा हातकाटा अजून माळ्यावर आहे.

लोक 'पासंगाला पुरत नाही' म्हणतात तेव्हा क्षुल्लक असा अर्थ घेतात. पण काट्याची दोन्ही पारडी कधी अगदी सारखी नसतात. एखादं हलकं पडतं. त्या बाजूला दोरीत चिंचोका, खडा, लोखंडाचा तुकडा असं काहीतरी बांधायचं, तोच पासंग. माल कुठलाही असो, तो तिथेच लटकलेला. आजोबा रोज सकाळी दुकान उघडलं की आधी पासंग बघायचे, मग दिवा लावायचे. तो नसेल तर शेरभर गूळ घेणाराही फसला आणि विकणाराही.

म्हणजे तुम्ही शब्द बरोबरच वापरलात. मी फक्त त्याच्या कमीपणाबद्दल तक्रार करतोय.

---

जमाखर्च

किराणाभुसार, मान्य. हा अर्थ मला माहीत नव्हता.

---

चौकार_चिंच

तेरा संघ हा अमेरिकेतल्या सगळ्याच खेळांतला विक्रम असेल ना? आपल्याकडे आयपीएलमध्ये ॲरन फिंच नऊ संघांकडून खेळला, तेच मला अचाट वाटायचं.

---

मिशिगनकर

नाही, बेसबॉल पुढे आहे. एडविन जॅक्सन नावाचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, २०१९ साली टोरांटोकडून उतरला, तो त्याचा चौदावा संघ. जन्मही जर्मनीतला, म्हणजे फिरतीची सुरुवात तिथूनच. याच माणसाने २०१० साली ॲरिझोनाकडून सबंध सामन्यात समोरच्याला एकही हिट मिळू दिला नव्हता. त्यासाठी त्याने १४९ चेंडू टाकले. त्या खेळात शंभराच्या आसपास पिचरला बाहेर काढतात, त्यावरून अंदाज घ्या.

---

चौकार_चिंच

बाप रे. क्रिकेटमध्ये असं उतारवयात दुसऱ्या घरी जाऊन फुललेलं उदाहरण म्हणजे वसीम जाफर. मुंबईचा इतका मोठा फलंदाज विदर्भाकडे गेला आणि २०१७-१८ व २०१८-१९ असे लागोपाठ दोन रणजी करंडक तिथे जिंकले. प्रशिक्षक चंद्रकांत पंडित, तेही मुंबईचेच. वैदर्भी ताईंना हे वेगळं सांगायला नकोच.

---

वैदर्भी_मी

नकोच! पहिल्या करंडकाच्या वेळी आमच्या गल्लीत फटाके वाजले होते.

---

टाचणी

विषय थोडा वळवते. सगळे फिरस्ते काही ड्राफ्टमध्ये वगळलेले नसतात. इश स्मिथच्या आधी बारा संघांचा विक्रम चौघांच्या नावावर होता : चकी ब्राउन, टोनी मॅसेनबर्ग, जिम जॅक्सन आणि जो स्मिथ. यातला जो स्मिथ १९९५च्या ड्राफ्टमधला पहिला. त्या वर्षीच्या सगळ्या मुलांत पहिला!

त्याची गोष्ट मला जास्त चटका लावते. मिनेसोटाने त्याला तोंडी सांगितलं, की आधी थोड्या पगारावर काही वर्षं खेळ, मग नियमाने आम्हाला तुला भरघोस देता येईल. हे गुपचूप लिहूनही ठेवलं होतं. २०००मध्ये ते उघडकीला आलं. लीगने करार रद्द केला, संघाला ३५ लाख डॉलर दंड केला आणि पहिल्या फेरीचे पाच निवडहक्क काढून घेतले (काही नंतर परत दिले). जो स्मिथ एक वर्ष डेट्रॉइटला खेळून पुन्हा मिनेसोटाला आला आणि मग उरलेली कारकीर्द गावोगाव. विजेत्या संघाला देतात ती अंगठी त्याला कधीच मिळाली नाही. चकी ब्राउनला १९९५ला ह्यूस्टनमध्ये मिळाली, मॅसेनबर्गला २००५ला सॅन अँटोनियोत.

पहिला आलेला आणि कुणी न निवडलेला, दोघांच्या वाट्याला सारखीच फिरती आली. त्यामुळे बाराव्या जागेवरून एवढ्यात काही ठरवू नये असं वाटतं.

---

तीनगुणी

नागपूरचाच आहे. वय ५८. राज्याकडून खेळलो, मग क्रीडा कोट्यातून एका खात्यात लागलो. कुठलं ते महत्त्वाचं नाही.

आपल्याकडे बास्केटबॉलपटूची वाट इश स्मिथच्या बरोबर उलटी असते. रेल्वे, ओएनजीसी, बँका, सेनादल. एकदा चिकटला की निवृत्तीपर्यंत तोच संघ, तेच ऑफिस. मुंबईत नागपाड्याच्या गल्ल्यांतून कितीतरी खेळाडू असेच नोकरीला लागले. अब्बास मुंतसिर तिथलेच, भारताचे कर्णधार झाले, १९७०ला अर्जुन पुरस्कार मिळाला. आम्ही त्यांच्या पासच्या गोष्टी ऐकत वाढलो. त्या पोरांना कोर्टावरून घर दिसायचं आणि घरातून कोर्ट.

या सुरक्षिततेला मी नावं ठेवणार नाही, तिच्यावर माझं घर उभं राहिलं. पण एक सांगतो. मला खात्याच्या संघात सहा वर्षं बेंचवर ठेवलं. माझ्या जागेवर खेळणारा मोठ्या साहेबांच्या मर्जीतला होता. दुसरीकडे जायची सोयच नव्हती, कारण संघ सोडायचा म्हणजे नोकरी सोडायची. तिसाव्या वर्षी गुडघा गेला आणि फाइलींना बसलो. त्या सहा वर्षांत मला कुणी दुसऱ्या गावाला दिलं असतं, अगदी पासंग म्हणून दिलं असतं, तरी मी रात्रीच्या गाडीने निघालो असतो.

बाकी आकडेमोड यांचं बरोबर आहे, बेंचवर बसण्याला कारण असतं. पण दरवेळी ते खेळातलंच असतं असं नाही ना बाप्पा.

---

उदंड_उशीर

तीनगुणी काका, शेवटचा परिच्छेद दोनदा वाचला.

---

गुलमोहर_७७

माझे वडील बदलीच्या नोकरीत होते. दहावीपर्यंत माझ्या सात शाळा झाल्या : उदगीर, चिपळूण, साक्री, पुन्हा उदगीर... प्रत्येक जूनमध्ये नव्या वर्गाच्या दारात उभं राहायचं आणि कुठला बाक रिकामा आहे ते शोधायचं. माझं पहिल्या आठवड्यातलं काम ठरलेलं असायचं. इथे हसण्यावारी काय नेतात, कुणाला राग लवकर येतो, बाईंच्या तासाला कुणाची वही सगळे उतरवतात, हे सगळं मुकाट्याने बघून ठेवायचं.

धागा वाचताना पहिल्यांदा लक्षात आलं की मराठीत बदली खेळाडूची 'बदली' आणि वडिलांची 'बदली' एकच शब्द. वडिलांना सगळे विचारायचे, नवं गाव कसं आहे. आईला कुणी विचारलं नाही. चौदा हंगामांत इश स्मिथच्या घरच्यांनी किती वेळा खोकी बांधली असतील, हाच विचार मनात आला.

---

मिशिगनकर

गुलमोहर ताई, तुमचा 'पहिला आठवडा' म्हणजे अगदी पॉइंट गार्डचं काम. बाकीच्यांनी आपापली जागा पाठ केली तरी भागतं. पॉइंट गार्डला पाचही जणांच्या जागा पाठ लागतात, कारण खेळी तोच पुकारतो. एकच खेळी एका संघात एका नावाने, दुसऱ्यात भलत्याच नावाने. फेब्रुवारीत अदलाबदल झाली तर सरावाला वेळ नसतो, परवा सामना. सेंटरला चेंडू छातीशी लागतो की रिंगच्या वर, शूटरला डाव्या कोपऱ्यात आवडतो की उजव्या, हे दोन दिवसांत हेरायचं. इश स्मिथने हे तेरा ठिकाणी केलं, आणि फिलाडेल्फिया, वॉशिंग्टन, शार्लटमध्ये तर दोन-दोनदा.

---

आकडेमोड

हा मुद्दा मला आधी सुचायला हवा होता. बॉक्स स्कोअरमध्ये, म्हणजे सामन्याच्या आकड्यांच्या तक्त्यात, हे दिसत नाही. तरी माझं मूळ म्हणणं सोडत नाही. डेन्व्हरच्या विजेतेपदाचा उल्लेख झाला, पण त्या प्लेऑफमध्ये (हंगामाअखेरच्या बाद फेऱ्यांत) इश स्मिथ जवळजवळ खेळलाच नाही. योकिच आणि मरे हे त्यांचे मुख्य खेळाडू खेळले. ती अंगठी त्याने जिंकली असं मुलाला सांगू नका.

---

टाचणी

ती अंतिम फेरी आठवतेय म्हणून सांगते. २०२३, डेन्व्हर विरुद्ध मायामी, डेन्व्हर ४-१ने जिंकलं. डेन्व्हर १९७६ला एनबीएत आलं, तेव्हापासूनचं पहिलं विजेतेपद. मी दोन्ही बेंचच बघत होते. मायामीच्या बेंचवर युडोनिस हॅसलेम. तोही २००२च्या ड्राफ्टमध्ये वगळलेला. एक वर्ष फ्रान्समध्ये खेळून आला, तिथून पुढे २० हंगाम एकाच संघात, तेही जन्मगावच्या. तीन विजेतेपदं. त्या मालिकेत तो ४३ वर्षांचा झाला आणि काही सेकंद मैदानात उतरून अंतिम फेरीत खेळलेला सर्वात वयस्कर खेळाडू ठरला. समोरच्या बेंचवर तेरा संघांचा इश स्मिथ. त्याच्या शेजारी अकरा संघांचा जेफ ग्रीन. २०१२ला त्याच्या हृदयावर मोठी शस्त्रक्रिया झाली होती, पूर्ण हंगाम गेला होता.

तिघांच्या कारकिर्दीत साम्य शोधायला गेलं तर फार काही सापडत नाही. पण तिघंही त्या रात्री बूट बांधून बसले होते. हॅसलेमला वर्षानुवर्षं कुणी चार मिनिटंही खेळवत नव्हतं, तरी संघाने जागा राखली, कारण तरण्या पोरांना शिस्त तो लावायचा. इश स्मिथ तर रोजच्या सरावात समोरच्या संघाचा गार्ड बनून धावत असणार. सरावात पाच विरुद्ध पाच खेळायला दुसरे पाच लागतातच ना? अंगठीत त्यांचा वाटा नाही कसा म्हणणार?

---

आकडेमोड

वाटा आहे. 'त्याने जिंकली' आणि 'त्याचा वाटा आहे' यात फरक करतो, इतकंच. तीनगुणी यांचं वाचल्यावर बेंचबद्दलचं माझं वाक्य मात्र मागे घेतो. ते फार सरसकट होतं.

---

किराणाभुसार

शेवटी तो कुठे होता? डेन्व्हरलाच?

---

मिशिगनकर

नाही. २०२३-२४चा शेवटचा हंगाम शार्लटला. जन्म तिथला, शाळा जवळच्याच गावातली, कॉलेज वेक फॉरेस्ट, तेही त्याच राज्यात. त्या कॉलेजात त्याच्यापेक्षा जास्त असिस्ट फक्त मग्सी बोग्सच्या नावावर आहेत, म्हणजे पाच फूट तीन इंचांचा तो नवलाचा गार्ड.

---

वैदर्भी_मी

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री अख्खा धागा मुलाला मोठ्याने वाचून दाखवला. जमाखर्च यांच्या यादीवर तो गप्प बसला. फिलाडेल्फियाच्या गोष्टीला हसला, "एकतीसमध्ये एक?" असं तीनदा विचारलं.

मग म्हणाला, "आई, मला आमच्या खेळ्या फक्त माझ्या जागेवरून माहीत आहेत." बेंचवर बसून तो सामनाभर फक्त कोचकडे बघत होता म्हणे, कधी बोलावतील म्हणून. आज सकाळी वहीत कोर्ट आखलंय, पाचही जणांचे बाण काढतोय. दोन जागी अडलाय. मला त्यातलं काही येत नाही.

तेरा जणांनी काढून टाकलं, यावर तो अजून ठाम आहे. पण बूट बाहेर आलेत.

---

तीनगुणी

ताई, वही घेऊन रविवारी सकाळी पाठवा त्याला. गुडघा धावत नाही, पण बाण काढता येतात. मैदान कुठलं ते व्यक्तिगत निरोपात कळवतो.

---

वैदर्भी_मी

काका, किती वाजता? त्याने आत्ताच विचारलं.

---

तीनगुणी

सव्वासहा. उन्हाच्या आत. चेंडू मी आणतो.